अर्धा कोयता

१

तंबूत सिनेमे दाखवायचे, तेव्हा मशीन एकच असायचं. एक रीळ संपलं की दिवा लागायचा आणि दुसरं चढेपर्यंत लोक शिट्ट्या मारत बसायचे. सिनेमा भुताचा असला की तेवढ्या वेळात बाया पोरं काखेत मारून घरचा रस्ता धरायच्या. तंबूच्या मालकाला हे परवडेना. मी तेव्हा त्याच्याकडं गर्दी जमवायला तंबूबाहेर पेटी वाजवायचो. तो म्हणाला, "गहिनीनाथ, तोंडाला राख फास, घोंगडं पांघर, आन् रीळ बदलतंय तवर ह्यांला हसव. हसली तर बसतील."

मी गेलो. पेटी गळ्यात अडकवली आणि नाकातून आवाज काढत लावणीची चाल धरली. लोक हसले आणि बसले. त्या दिवशी मी जो खविस मास्तर झालो, तो आजपर्यंत सुटलेलो नाही.

पुढं तंबू गेले, व्हिडिओ आले, तेही गेले. मी राहिलो. जत्रा, गणपती, कारखान्याचा हंगाम सुरू होताना मोळीचा कार्यक्रम, कुठं कुठं तर लग्नाची वरातसुद्धा. एक कॅसेटही निघाली माझी. बीडच्या बसस्टँडवरच्या एका टपरीत ती वाजायची आणि मी तिथंच चहा घेत रेंगाळायचो, कुणी ओळखतंय का बघत. कुणी ओळखलं नाही. राख धुतली की मी कुणीच नसायचो.

माझा अर्धा कार्यक्रम छबूचा होता. छबुबाई, माझी बायको. लग्न झालं तशी ती पडद्यामागं बसली ती कायमची. गोडेतेलाचा रिकामा पत्र्याचा डबा तोंडापाशी धरायची आणि त्यात बोलायची. त्या एका डब्यातून हडळ निघायची, मुंजा निघायचा, जखीण निघायची. लोकांना वाटायचं मागं पाच-सहा माणसं आहेत. कार्यक्रम संपल्यावर पोरं पडदा वर करून बघायची, तर ही एकटी बाई बारदानावर बसून पान लावत असायची.

एवढे आवाज काढणारी बाई, पण तिनं माझं नाव कधी तोंडातून काढलं नाही. आमच्याकडच्या जुन्या बाया नवऱ्याचं नाव घेत नाहीत, तशी तीही. घरात "अवं", आणि पडद्यामागून "मुकादम". हळदीकुंकवाला बाया उखाण्यासाठी हटून बसल्या तर म्हणायची, "खविसाचं नाव कशाला घेऊ? रातीला झोप न्हाई यायची." बाया हसायच्या आणि विषय तिथंच संपायचा. शिरूर कासारजवळच्या आमच्या गावात मला सगळे नावानं ओळखत, एक तिच्याच तोंडून ते कधी ऐकलं नाही. मलाही त्याची उणीव कधी भासली नव्हती.

२

त्या वर्षी पाऊस नाही, ऊस नाही, म्हणून साखर कारखाना पेटलाच नाही. कारखान्याच्या मोकळ्या मैदानात सहकाराच्या लोकांनी जनावरांची छावणी उघडली. हिरव्या जाळ्यांखाली दावणीच्या दावणी, प्रत्येक दावणीपाशी एक माणूस किंवा एक अख्खं घर. वर बघावं तर ती उंच चिमणी, धुराविना उभी. उमापूरपासूनची माणसं आली होती. जनावरं सोडून जाता येत नाही आणि गावात थांबून करायचं काही नाही, अशी सगळी.

छावणीची व्यवस्था कल्याणराव बघायचे. कारखान्यातलेच, बोलायला मोकळे. त्यांनी मला फोन केला. म्हणाले, "मास्तर, हितं माणसं नुसती गप बसून ऱ्हातेत. जनावरं निदान रवंथ तरी करतेत. तुमी या, छबुबाईला आणा. दिवेलागणीला रोज थोडं हसवा."

आम्ही दोघंही थकलो होतो, खरं सांगायचं तर. माझे गुडघे गेलेले, तिला दम लागायचा. पण घरी बसूनही टँकरचीच वाट बघायची होती. गेलो.

साखरेच्या बंद गोदामाच्या भिंतीपाशी एक ट्रॉली उभी केली होती, तेच आमचं स्टेज. ट्रॉलीच्या मागं, भिंतीलगत, एक चिंचोळी जागा. तिच्यापुढं आम्ही आमची जुनी चादर बांधली. मागं बारदानाची थप्पी ठेवली, छबूला बसायला. त्या जागेत जायला वाट एकच, ती माझ्या पेटीला खेटून.

कार्यक्रमाचं नाव खविसाची हजेरी. आमच्याकडं ऊसतोडीला नवरा-बायकोची जोडी धरतात, त्या जोडीला म्हणतात एक कोयता. एकटा माणूस आला तर तो अर्धा कोयता. मी भुतांच्या टोळीचा मुकादम व्हायचो आणि हजेरी घ्यायचो.

"विहिरीतला गिऱ्हा?"

डब्यातून घोगरा आवाज यायचा, "हजर हाय, मुकादम! विहिरीत पाणी न्हाई, मानसं बुडंनात. मलाबी छावनीत दावन द्या."

"हडळ?"

"हजर हाय! पर टँकर आला की पळते, तर पाय उलटे. मागंच जाते, मुकादम, मागंच जाते!"

"मुंजा?"

"हजर."

"किती कोयते रे तुमी?"

"अर्धा, मुकादम. लगीन कुटं झालंय!"

इथं मी पेटीवर एक लांब सूर धरायचो आणि लोकांना विचारायचो, "आता ह्या अर्ध्याला जोडी कोण?" लोक कुणाचं तरी नाव ओरडायचे. बहुतेक वेळा धोंडीरामचं. तो म्हातारा, बायको जाऊन खूप वर्षं झालेली, एक बैल घेऊन छावणीत राहायचा. तो काठी उगारून उठायचा, "तुमच्या मायला तुमच्या," म्हणायचा, आणि सगळी छावणी हसायची. बैलसुद्धा कान हलवायचे.

मग भैरवी. उसाच्या फडात एक रीत आहे, हजेरी लागली की मुकादम सुट्टी म्हणेपर्यंत कुणी हलायचं नाही. म्हणून शेवटी मी म्हणायचो, "हजेरी झाली, सुट्टी झाली. ज्याचं झाड त्याला, ज्याचं घर त्याला." मागून छबू एकेका आवाजात "चाललो, मुकादम," म्हणत विझत जायची. तंबूच्या दिवसांपासून हा शेवट मी कधी चुकवला नव्हता. त्याला कारण काही नाही. गाणाऱ्याला भैरवीशिवाय उठवत नाही, एवढंच.

३

एका संध्याकाळी मी नुकतंच विचारलं होतं, "ह्या अर्ध्याला जोडी कोण?" आणि फाटकापाशी टँकरचा हॉर्न वाजला.

दोन दिवस टँकर आलेला नव्हता. कसला खविस आणि कसलं काय. घागरी, ड्रम, कॅन, जे हाताला लागेल ते घेऊन लोक पळाले. धोंडीरामही पळाला. छबू पडद्यामागून माझ्या पेटीला धडकत बाहेर आली, "अवं, नंबर जाईल," म्हणाली आणि घागर घेऊन तीही गेली.

मी एकटा उरलो. समोर जनावरं. पेटीचा सूर अजून दाबलेलाच होता, बोट उचलायचं राहिलं होतं. ज्याचा जन्म लोकांसमोर गेला, त्याला विचारलेला प्रश्न लोंबकळत ठेवता येत नाही. समोरच्या एका म्हशीकडं बघून मी म्हणालो, "कुणी न्हाई? मग आमची छबू घ्या."

आणि स्वतःच हसलो. म्हैस माझ्याकडं बघत राहिली.

पडद्यामागं डबा वाजला, बोटाच्या नखानं टिचकी मारावी तसा. दिवसभर तापलेला पत्रा संध्याकाळी वाजतोच. मी पेटीचा भाता बंद केला आणि छबूची घागर उचलायला फाटकाकडं गेलो. भैरवी राहिली. त्या वेळी माझ्या ते ध्यानातही आलं नाही. पाणी मिळालं याचाच आनंद होता.

४

दुसऱ्या दिवशी छबू दुपारपासून पाण्याच्या रांगेत होती. "टायमाला येते, तुमी सुरू करा," असा निरोप तिनं कौशल्याबाईकडं दिला होता. कौशल्याबाई आमच्या शेजारच्या दावणीची, दोन गाई घेऊन आलेली. मी राख फासली, पेटी उघडली, लोक जमले. पडद्याकडं बघायची मला सवय नाही. छबू मागं असतेच.

"विहिरीतला गिऱ्हा?"

"हजर हाय, मुकादम!"

असा आवाज तिचा कित्येक वर्षांत लागला नव्हता. लोक एकदम गप्प झाले आणि मग मोठ्यानं हसले. हडळ तर अशी किंचाळली की मागच्या दावणीतली वासरं उठून उभी राहिली. मलाच हुरूप आला. मी चाल वाढवली, जुन्या कॅसेटमधल्या जागा घेतल्या. आणि मुंज्याची हजेरी घेताना समोर बघितलं.

छबू फाटकाकडून येत होती. कमरेवर भरलेली घागर, पदर ओला. गर्दीच्या कडेला येऊन ती थांबली. माझ्याकडं नाही, पडद्याकडं बघत होती. तिचं तोंड उघडं होतं, पण त्यातून काही निघत नव्हतं.

"हजर," पडद्यामागून मुंजा म्हणाला. "अर्धा कोयता हाय, मुकादम."

माझी बोटं पेटीवरून निसटली. मी म्हणालो, "आवं, थांबा. खरंच सांगतो, मागं कुणी न्हाई. छबू तर ती बघा, तितं हुबी हाय."

लोक हसून लोळायचे बाकी राहिले. एकानं शिट्टी मारली. कल्याणराव खुर्चीत पोट धरून हसत होते. भुताचं नाव काढून मी जन्मभर लोकांना हसवलं. आता मी काहीही म्हणालो असतो तरी ते हसलेच असते. मी रडलो असतो तरी हसले असते.

मी उठून चादर बाजूला केली. मागं बारदानाची थप्पी, तिच्यावर डबा. बस. छबू बसते तिथं खोलगट खळगा पडलेला होता, नेहमीसारखा. त्याच्या शेजारी आणखी एक होता. हात लावून बघितला तर उबदार लागला. दिवसभराचं ऊन भिंतीला असतं, बारदानही तापतं. मी मनाला तसं सांगितलं.

कुणीतरी चेष्टा केली असणार, हेही सांगितलं. पण मागं जायची वाट माझ्या पेटीला खेटून, आणि पेटीपाशी मी. लोकांना मी हात जोडले, पोटात दुखतंय म्हणालो आणि उतरलो. भैरवी त्याही दिवशी झाली नाही.

चुलीपाशी छबू भाकरीचं पीठ मळत बसली. पीठ मळून झालं तेव्हा म्हणाली, "मी तितं हुते का?"

"न्हाई."

"मग माजा आवाज कुनी काडला?"

मी चुलीत काटकी सारली. तिनं भाकर थापली, तव्यावर टाकली. "घसा खवखवतोय," म्हणाली. "धूळ लई हाय हितं."

५

पहिल्यांदा तिची हडळ गेली. सकाळी तिनं गंमत म्हणून काढून बघितली तर वरचा सूर लागेना, नुसती हवा. मग मुंजा गेला. गिऱ्ह्याचा घोगरा आवाज तर तिला सर्दीतही यायचा, तोही गेला. शेवटी राहिला तिचा स्वतःचा आवाज, आणि तोही रोज थोडा थोडा पातळ होत चालला.

मी कार्यक्रम बंद केला. कल्याणरावांना सांगितलं, छबूचा घसा बसलाय. ते म्हणाले, "काय मास्तर, कालच तर ऐकली की मी. तुमी पेटी घेऊन बसला न्हाईत, तरी तिकडून बायकोची हजेरी चालूच हुती. लोकं आपसूक जमली. लई मजा आली."

आदल्या संध्याकाळी तर मी छबूला घेऊन बीडच्या डॉक्टरकडं गेलो होतो. आम्ही छावणीत नव्हतोच.

डॉक्टरनं टॉर्च मारून बघितलं, घशाला काही नाही म्हणाला. विश्रांती द्या, कमी बोला. सकाळी परत आलो तर कौशल्याबाई धावत समोर आली आणि छबूचे हात धरून म्हणाली, "छबूआक्का, काय आवाज लागलाय तुमचा! माजी गाय दूध देइना झालती, काल तुमची जखीण ऐकली आन् पान्हा सोडला बगा." छबू तिच्याकडं बघून हसली. मग माझ्याकडं वळली, आणि तिचे डोळे भरलेले होते.

मला तिचा आवाज हवा होता. माझं दुसरं होतंच काय? घरी आल्यावर मला मास्तर म्हणणारं कुणी नसायचं, राखेखालचं माझं तोंड ओळखणारी ती एकटी होती. तिनं सकाळी "अवं, उठा," म्हणावं आणि मी कण्हत उठावं, एवढ्यावर माझं सगळं चालू होतं. ते बंद पडत आलं होतं आणि मला काही करता येत नव्हतं.

मी सामान बांधायला घेतलं. म्हणालो, चल, घरी जाऊ. तिनं माझा हात धरला. ओठ कानाशी आणून, सगळा जोर लावून, दोनच शब्द बोलली.

"भैरवी ऱ्हायली."

त्यानंतर तिला तेवढंही बोलता आलं नाही.

६

आम्ही ठरवलं ते असं. शेवटची हजेरी घ्यायची, नीट सुट्टी द्यायची आणि निघायचं. छबू मागं बसणार नाही. समोर, पहिल्या रांगेत, कौशल्याबाईशेजारी बसेल. मला ती दिसत राहील.

लोक खूप जमले. धोंडीरामनं बैलाला आंघोळ घालून आणलं होतं, पाणी कुठून मिळवलं कोण जाणे. उजेड अजून होता. मी राख फासली. घाईत ती डोळ्यात गेली.

"विहिरीतला गिऱ्हा?"

"हजर हाय, मुकादम!"

लोक हसले. मी छबूकडं बघितलं. ओठ मिटलेले, हात मांडीवर.

हडळ हजर झाली. जखीण झाली. मुंजा झाला. प्रत्येक आवाज तिचाच होता. लग्नानंतर तंबूमागं बसून तिनं मला पहिल्यांदा काढून दाखवला होता, अगदी तसाच, कोवळा. माझ्या अंगावर काटा येत होता, आणि सांगायला लाज वाटते, त्याच वेळी ऐकावंसंही वाटत होतं.

वारा सुटला, चादर फुगली. छबू मागं असली की अशा वेळी चादरीची खालची कड धरून ठेवायची, उडू नये म्हणून. माझी नजर तिथं गेली. कड धरलेली होती. चार बोटं बाहेर दिसत होती, आणि थोडं मनगट. हिरव्या काचेच्या बांगड्या, त्यातली एक अर्धी तडकलेली. बोटांवर बारीक बारीक ओरखडे, उसाच्या पाल्यानं कापतात तसे. छबूनं कधी ऊस तोडलेला नाही.

मी समोर बघितलं. छबूच्या मनगटात त्याच बांगड्या. तीच तडकलेली.

"अर्धा कोयता हाय, मुकादम," मागून आलं. "जोडी द्या."

लोक वाट बघत होते. मी तो प्रश्न विचारलाच नाही. सरळ भैरवीचा सूर धरला, डोळे घट्ट मिटले आणि एका दमात म्हणालो, "हजेरी झाली, सुट्टी झाली. ज्याचं झाड त्याला, ज्याचं घर त्याला."

"चाललो, मुकादम." गिऱ्हा विझला. हडळ विझली. एकेक करून सगळे. मी डोळे मिटून वाजवत राहिलो, पार शेवटच्या सुरापर्यंत. इतकी चांगली भैरवी मी आयुष्यात वाजवली नव्हती.

डोळे उघडले तेव्हा लोक टाळ्या वाजवत होते. छबू जागेवर नव्हती. दूर, दावणींच्या मधल्या वाटेनं, ती फाटकाकडं चालली होती. सावकाश, पाठमोरी. दोन्ही बाजूंची जनावरं तिच्या बाजूला तोंड करून उभी होती. मला वाटलं, पाण्याकडं जात असेल.

"अवं, पडदा सोडते बरं का."

मागून. स्वच्छ, भरलेला आवाज. मी वळलो तर छबू चादर सोडत होती. घडी घातली, काखेत मारली, माझ्या पेटीला खेटून बाहेर आली. "काय बगताय? आला की आवाज," म्हणाली.

मी तिथंच, राखेच्या तोंडानं, सगळ्यांसमोर रडलो. लोकांना तेही आवडलं, त्यांनी पुन्हा टाळ्या वाजवल्या. मग मला फाटकाची आठवण झाली. पण तिकडं आता धूळ होती आणि कुणी दिसत नव्हतं. मी डोळे मिटले होते तेव्हा छबू माझ्या शेजारून मागं गेली असेल. फाटकाकडं गेली ती दुसरी कुणी बाई. एवढ्या छावणीत एका रंगाची लुगडी किती असतात. दुसऱ्या दिवशी सकाळीच आम्ही घरी आलो.

७

घरी सगळं बरं होतं. छबू बोलत होती, गुणगुणतही होती. दम लागायचाही थांबला होता. डबा मी माळ्यावर टाकला, पेटीला कापड घातलं. आता बास, असं ठरवलं. गावात टँकर येत होता, दोघांना पुरत होतं. दुपारी ती दारात बसून तांदूळ निवडायची आणि मी भिंतीला टेकून तिचं गुणगुणणं ऐकत पडायचो. इतकं निवांत मला कधी वाटलं नव्हतं.

एका दिवशी कौशल्याबाईचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलली. मग म्हणाली, "मास्तर, आक्काला सांगा, त्यांच्या चपला हितंच ऱ्हायल्यात. फाटकापाशी. त्या दिशी अनवानीच कुटं चालल्या हुत्या? मी हाक मारली तर बोलल्याच न्हाईत. नुसतं मागं बगितलं, तोंड हलवलं, आन् गेल्या रस्त्यानं. रागावल्या का माज्यावर?"

मी फोन ठेवला. संध्याकाळ झाली होती. छबू चुलीपाशी होती, माझ्याकडं पाठ करून. भाकर तव्यावर होती. मला तिला विचारायचं होतं, चपला कुठं आहेत म्हणून. विचारलं नाही. ती गुणगुणायची थांबली.

"गहिनीनाथ?" ती म्हणाली.

छबूच्याच आवाजात. हाक मारल्यासारखं नाही. हजेरी घेताना मी नाव घेतो तसं, शेवटाला वर उचलून, आणि मग उत्तरासाठी थांबून. तिचा हात तव्यावर तसाच होता. भाकर करपायला लागली होती, वास येत होता, आणि ती उलटत नव्हती.

मी तोंडावर हात दाबून धरला. बऱ्याच वेळानं तिनं भाकर उलटली आणि पुन्हा गुणगुणायला लागली.

मी छावणीत जाऊन चपला आणल्या. रस्त्यानं वाटेतल्या सगळ्या गावांत विचारलं, एक बाई बघितली का, अनवाणी, बोलता येत नाही. आमच्याकडच्या बाया हंगामाला सगळीकडून सगळीकडं चालत असतात, कुणाच्या ध्यानात राहायचं. मी मोठमोठ्यानं हाकाही मारल्या. ती असली तरी ओ देऊ शकणार नाही, हे मला माहीत होतं. घरी येऊन चपला मी दाराशी ठेवल्या. अजून तिथंच आहेत. घरात आहे ती त्यांच्यात पाय घालत नाही.

रोज दिवेलागणीला ती एकदा माझं नाव घेते. हजर म्हणायचं नाही, एवढं मी मनाशी धरून आहे. एकदा म्हटलं की जोडी लागली, कोयता पुरा झाला, आणि मग सुट्टी कोण देणार? पण आता मी लई थकलोय. हा आवाज आला की ओ द्यायची, ही सवय मला उभ्या संसाराची. काल तिनं नाव घेतलं तेव्हा माझे ओठ हलले होते.